जुन्या गाडीच्या ब्रेक लाइन : एका ठिकाणी गळती सापडली, बाकीच्या नळ्यांचे काय करावे?

जुनी सेडान :
मंडळी, माझ्याकडे नव्वदच्या दशकातली एक सेडान आहे. पुढे डिस्क, मागे ड्रम, एबीएस नाही. काही दिवसांपासून वळण घेताना ब्रेकचा लाल दिवा क्षणभर लागून विझत असे आणि सरळ रस्त्यावर सगळे ठीक वाटे. बॉनेट उघडून पाहिले तेव्हा ब्रेक ऑइलची पातळी किमान रेषेच्या खाली गेलेली होती. वळणावर ऑइल एका बाजूला कलंडले की टाकीतला तरंगता स्विच खाली जात असणार. गाडी घोड्यांवर, म्हणजे उचललेली गाडी तोलून धरणाऱ्या लोखंडी आधारांवर, चढवून खालून पाहिले. मागच्या ॲक्सलच्या थोडे अलीकडे, पेट्रोलच्या टाकीच्या कडेला, जिथे ब्रेकची लोखंडी नळी प्लास्टिकच्या क्लिपमध्ये बसवलेली आहे, नेमक्या त्या क्लिपखाली ओल होती. क्लिप काढल्यावर नळीवरचा लेप पापुद्र्यांसारखा सुटून आला आणि खालचा धातू खड्ड्याखड्ड्यांचा दिसला. क्लिपपासून दोन बोटे अंतरावर मात्र तीच नळी जवळपास नव्यासारखी आहे.

एका गॅरेजमध्ये विचारले असता खराब झालेला वीतभर भाग कापून मध्ये पितळी जोड टाकून देतो, असे सांगण्यात आले. मला तीन गोष्टी जाणकारांकडून समजून घ्यायच्या आहेत. असा जोड टाकणे योग्य आहे का? एकच नळी बदलावी की सगळ्या? आणि तांब्याची नळी हाताने सहज वाकते म्हणून तीच वापरावी असे काही जण म्हणतात, त्यात कितपत तथ्य आहे? काम स्वतः करण्याची तयारी आहे, परंतु ते नीट समजून घेतल्याशिवाय हात घालायचा नाही.

फिरता पाना :
तुमच्या वर्णनात क्लिपचा उल्लेख आहे ही फार उपयोगाची गोष्ट आहे, कारण ब्रेकच्या नळ्या उघड्यावर क्वचितच सडतात. क्लिप आणि नळी यांच्या फटीत बारीक माती जाऊन बसते, ती पाणी धरून ठेवते आणि वरचा लेप घासून काढते. पेट्रोलच्या टाकीच्या वर, ॲक्सलच्या कडेने, चाकाच्या कमानीत जिथे चिखल थेट उडतो तिथे आणि दोन नळ्या एकमेकींना टेकतात त्या ठिकाणी हेच घडते. ज्या प्रदेशांत हिवाळ्यात रस्त्यांवर मीठ टाकतात तिथे हा वेग कितीतरी पटींनी वाढतो, आणि समुद्रकाठच्या हवेचाही तसाच त्रास होतो.

आता नळी म्हणजे काय ते पाहू. जुन्या गाड्यांमधली नेहमीची ब्रेक लाइन ४.७५ मिलिमीटर, म्हणजे ३/१६ इंच, बाह्य व्यासाची असते आणि तिच्या भिंतीची जाडी सुमारे ०.७ मिलिमीटर असते. पोलादाची पातळ पट्टी दोनदा गुंडाळून तिचे पदर तांब्याने झाळून ही नळी तयार करतात, आणि तिच्या बाहेर जस्ताचा किंवा प्लास्टिकचा लेप असतो. लेप शाबूत असेपर्यंत ती कित्येक वर्षे टिकते, पण लेप गेला की खाणाऱ्या गंजापुढे उरते ती एवढीशी भिंत.

तिच्यातल्या दाबाचा अंदाज असू द्या. पेडलवर ३०० न्यूटन, म्हणजे साधारण ३० किलो वजनाइतका, जोर दिला आणि पेडलच्या तरफेने तो पाचपट केला, तर मास्टर सिलिंडरच्या, म्हणजे पेडलच्या जोराने ब्रेक ऑइलवर दाब आणणाऱ्या मुख्य सिलिंडरच्या, दट्ट्यावर १५०० न्यूटन येतात. दट्ट्याचा व्यास २२ मिलिमीटर धरला तर त्याचे क्षेत्रफळ सुमारे ३८० चौरस मिलिमीटर भरते आणि द्रवात जवळपास ४० बारचा दाब तयार होतो. हा हिशेब बूस्टरविना, म्हणजे पायाचा जोर वाढवणाऱ्या यंत्रणेविना, झाला. बूस्टरची मदत आणि घाबरून मारलेला ब्रेक जमेस धरला तर दाब १०० बारच्या पुढे सहज जातो. मोटारीच्या टायरमध्ये दोन-अडीच बार हवा असते, हे लक्षात घेतले म्हणजे त्या खड्डे पडलेल्या भिंतीवर किती भार येतो याची कल्पना येईल. रोजच्या सौम्य ब्रेकिंगमध्ये नुसती पाझरणारी नळी नेमकी आणीबाणीच्या क्षणी का फुटते, त्याचेही कारण हेच.

तुमच्या गाडीत दुहेरी मास्टर सिलिंडर असणार, त्यामुळे एक शाखा फुटली तरी दुसरी चालते. अमेरिकेत १९६८ पासून मोटारींना असे दुहेरी ब्रेक सक्तीचे झाले. परंतु अर्ध्या ब्रेकवर गाडी थांबायला बरेच जास्त अंतर लागते, आणि पेडल जवळजवळ तळाला गेल्यावरच उरलेली शाखा पकड घेते. तेव्हा दुरुस्ती होईपर्यंत गाडी जागची हलवू नये, ही पहिली विनंती.

तेलकट हात :
फिरता पाना यांनी चित्र जरा भयंकर रंगवले आहे असे मला वाटते. पितळी जोड टाकलेल्या आणि वर्षानुवर्षे विनातक्रार धावणाऱ्या गाड्या मी पाहिल्या आहेत. अख्खी नळी बदलायची म्हणजे पेट्रोलची टाकी खाली घ्यावी लागते, प्रत्येक गंजलेला नट सोडवावा लागतो, आणि एक काम करता करता चार नवी कामे उभी राहतात. खराब तुकडा काढून चांगल्या नळीला चांगला जोड दिला तर हरकत काय? तांब्याचेही तसेच आहे. ते गंजत नाही, हाताने वाकते, फ्लेअर, म्हणजे जोडासाठी नळीचे टोक पसरवून दिलेला आकार, सुरेख येतो.

मोजपट्टी :
‘पितळी जोड’ या एकाच नावाखाली दोन अगदी निराळ्या वस्तू विकल्या जातात, आणि या चर्चेत त्या वेगळ्या ठेवल्या पाहिजेत.

पहिली म्हणजे कॉम्प्रेशन फिटिंग. यात नळीवर एक पितळी कडे सरकवतात आणि नट आवळला की ते कडे नळीला चिमटून बसते. नळीच्या टोकाला कोणताही आकार दिलेला नसतो, म्हणजे नळी केवळ घर्षणाने जागेवर राहते. पाणी, हवा किंवा कमी दाबाचे इंधन यांच्यासाठी हा जोड बनलेला आहे. ब्रेकमध्ये दाब प्रत्येक वेळी शून्यापासून शंभर बारपर्यंत चढतो आणि उतरतो, शिवाय वर गाडीचा थरथराट असतोच, त्यामुळे हळूहळू नळी कड्यातून सरकून निसटू शकते. ब्रेकमध्ये याला जागा नाही. यात मत-मतांतराचा प्रश्न येत नाही.

दुसरी म्हणजे फ्लेअर युनियन. यात नळीच्या दोन्ही टोकांना ब्रेकला साजेसा दुहेरी फ्लेअर करून ती टोके मधल्या तुकड्यात नटाने आवळतात. गाडीत कारखान्यातून आलेले टी-जोड याच पद्धतीचे असतात, म्हणून असा जोड तत्त्वतः चालतो. मूळ धाग्यातील नळीला तो लावावा का, हा पुढचा प्रश्न आहे, आणि तिथे माझे उत्तर बहुतांशी नकारार्थी आहे. फ्लेअर करायचा म्हणजे निरोगी धातू हवा. क्लिपपासून दोन बोटांवर नळी ‘जवळपास नव्यासारखी’ दिसते हे खरे, पण ती त्याच वयाची आहे, त्याच चिखलातून गेलेली आहे आणि पुढच्या प्रत्येक क्लिपखाली तीच परिस्थिती आहे. जोडापासून जोडापर्यंतची अख्खी लांबी बदलणे हेच काम मी पूर्ण झालेले मानतो. टाकी उतरवण्याचा कंटाळा मला समजतो, पण टाकीच्या वरचा जो भाग दिसत नाही तोच बहुधा सर्वांत वाईट निघतो.

फिरता पाना :
मोजपट्टी यांच्याशी पूर्ण सहमत. तांब्याबद्दल थोडे सविस्तर लिहितो, कारण तो गैरसमज फार पसरलेला आहे. शुद्ध तांबे गंजत नाही हे खरे, पण सतत थरथरले की ते कडक होत जाते आणि शेवटी आधारापाशी किंवा फ्लेअरच्या मानेपाशी त्याला बारीक चीर पडते. पोलाद आधी तांबूस पडून, पाझरून इशारा देते, तांब्याची चीर मात्र सहसा आधी दिसत नाही. काही देशांत तांब्याच्या ब्रेक नळ्या खुलेपणाने विकल्या जातात आणि काही ठिकाणी त्या तपासणीत नापास होतात, म्हणून आपल्याकडचा नियम आधी पाहावा. नियम काहीही असो, मी त्या बसवत नाही.

हाताने वाकणारी आणि न गंजणारी नळी हवी असेल तर तांबे-निकेलची मिश्रधातूची नळी घ्या. तिच्यात सुमारे ९० टक्के तांबे, १० टक्के निकेल आणि थोडे लोह व मँगनीज असते. दाब आणि थरथराट दोन्ही ती पोलादासारखेच सोसते, आणि काही युरोपीय कारखाने ती मूळ गाडीतच बसवत आले आहेत. दिसायला ती तांब्यासारखीच लालसर असल्यामुळे, घेताना वेष्टनावर निकेलचे प्रमाण आणि ब्रेकसाठी वापरण्याचे मानक छापलेले आहे का ते पाहा. स्टेनलेस स्टील टिकाऊ असले तरी घरच्या साधनाने त्याचा फ्लेअर नीट येत नाही. पहिल्यांदा काम करणाऱ्याने त्याच्या वाटेला जाऊ नये.

जुनी सेडान :
आपणा सर्वांचे आभार. जोडाचा विचार सोडून दिला आहे आणि मधल्या वितरण जोडापासून (जिथे नळीला फाटे फुटतात) मागच्या ॲक्सलवरच्या रबरी होजपर्यंतची पूर्ण नळी तांबे-निकेलची करायचे ठरवले आहे. टाकी उतरवली. मोजपट्टी यांचा अंदाज खरा निघाला : टाकीच्या वर दोन क्लिपांखाली नळी आणखी खाल्लेली होती, फक्त अजून फुटली नव्हती. ॲक्सलवरून दोन्ही चाकांकडे जाणाऱ्या लहान नळ्याही तशाच आहेत, त्यामुळे त्याही बदलणार आहे.

आता नट आणि फ्लेअरबद्दल प्रश्न आहे. दुकानात ‘कोणता फ्लेअर, कोणते आटे’ असे विचारले जाते आणि माझ्याकडे उत्तर नसते.

मोजपट्टी :
हा प्रश्न खरेदीच्या आधी विचारलात हे उत्तम झाले. जुन्या नळीचे एक टोक नटासह सांभाळून ठेवा, कारण सगळी उत्तरे त्यातच आहेत.

फ्लेअर मुख्यतः दोन प्रकारचे असतात. दुहेरी फ्लेअरमध्ये नळीचे टोक बाहेर पसरून पुन्हा आत दुमडलेले असते. समोरून पाहिले तर आतल्या बाजूने उतरणारे नरसाळे दिसते आणि त्याचा कोन ४५ अंशांचा असतो. अमेरिकी आणि अनेक जपानी गाड्यांत हा आढळतो. बबल फ्लेअरमध्ये टोक बाहेरून गोलसर फुगलेले असते आणि नरसाळे नसते. तो बहुतेक युरोपीय गाड्यांत असतो. एकेरी फ्लेअर ब्रेकला कधीही चालत नाही, कारण एका पदराची कड आवळताना चिरते. याखेरीज औद्योगिक हायड्रॉलिक कामात ३७ अंशांचा फ्लेअर असतो. तो डोळ्यांना जवळजवळ सारखाच दिसतो, पण ४५ अंशांच्या बैठकीत तो फक्त एका रेषेवर टेकतो.

बबलबद्दल एक इशारा देतो. दुहेरी फ्लेअरची पहिली पायरी केली की टोक फुगते, म्हणून तिथेच थांबून त्याला बबल म्हणणारे पुष्कळ आहेत. आकार वरवर सारखा असला तरी फुग्याची पाठ वेगळ्या कोनात येते आणि बैठकीत नीट बसत नाही. बबल हवा असेल तर जर्मन मानक डिन ७४२३४ प्रमाणे बनवलेला साचाच घ्यावा.

आट्यांमध्ये तर खरा सापळा आहे. ४.७५ मिलिमीटरच्या नळीला मेट्रिक गाडीत बहुधा एम १० × १ चा नट असतो आणि इंची गाडीत ३/८ इंच व्यासाचा, इंचाला २४ आट्यांचा. पहिल्याचा व्यास १० मिलिमीटर आणि दोन आट्यांमधले अंतर १ मिलिमीटर आहे, दुसऱ्याचा व्यास ९.५३ आणि अंतर १.०६ मिलिमीटर. फरक इतका कमी आहे की इंची नट मेट्रिक भोकात सैलसर शिरतो, थोडा आवळल्यासारखाही वाटतो आणि मग आटे ओरबाडून निघतो. तोवर मास्टर सिलिंडर किंवा वितरण जोडाचे भोकही खराब झालेले असते. म्हणून व्हर्नियर कॅलिपरने व्यास मोजा, आटेमापकाने अंतर तपासा, आणि नवा नट आधी हाताने पूर्ण आत जातो का ते पाहा. ब्रेकच्या नटाला सुरुवातीलाच पाना लावण्याची गरज पडली तर काहीतरी चुकते आहे असे समजून थांबावे. नटाची लांबीही जुन्याइतकीच हवी, नाहीतर तो फ्लेअरला दाबण्याआधीच तळाला टेकतो.

तेलकट हात :
कॉम्प्रेशन जोडाबद्दलचा मुद्दा मान्य. निसटण्याचा विचार मी केला नव्हता. सडलेले नट सोडवणे हे मात्र माझे रोजचे काम आहे, त्यामुळे तिथे थोडी भर घालतो.

काम सुरू करण्याआधी चारही चाकांचे ब्लीडर निपल, म्हणजे ब्रेकमधली हवा बाहेर काढायच्या लहान तोट्या, सुटतात का ते पाहा. नळी बदलून झाल्यावर निपल मोडला तर व्हील सिलिंडर (ड्रममधला) किंवा कॅलिपर (डिस्कवरचा) शोधत फिरावे लागते. निपल आणि नट यांच्या मुळाशी गंज सोडवणारे तेल आदल्या रात्री टाका आणि पुन्हा सकाळी टाका. साधा फिक्स पाना नटाला दोनच बाजूंनी धरतो आणि कोपरे गोल करून टाकतो. त्याऐवजी फ्लेअर नटाचा पाना, म्हणजे एका बाजूला नळी जाण्याइतकी फट असलेला रिंग पाना, वापरा.

नट फिरतो पण नळीही त्याच्याबरोबर पिळवटते, हा प्रकार हमखास होतो. नळी तशीही फेकायचीच आहे, तेव्हा ती नटालगत कापून टाका आणि सहा कोनांचा सॉकेट थेट नटावर बसवा. एवढ्या पकडीवर बहुतेक नट निघतात. जी नळी वाचवायची आहे तिचा नट मात्र जरा पुढे, जरा मागे असा हलवत राहावे, म्हणजे गंजाचा भुगा बाहेर पडतो. ज्वाळा लावण्याचा मोह टाळा. ब्रेक ऑइल पेट घेते, आणि जवळच रबरी होज व पेट्रोलची नळी असते.

उघडी टोके लगेच रबरी टोपीने बंद करा. मास्टर सिलिंडर रिकामा झाला तर हवा काढण्याचे काम दुप्पट होते.

फिरता पाना :
तेलकट हात यांची सॉकेटची युक्ती अगदी बरोबर आहे. आता फ्लेअर प्रत्यक्ष कसा करावा ते लिहितो, कारण नव्याने बसवलेली नळी बहुतेक वेळा इथेच गळते.

नळी करवतीने कापू नये. चाकाच्या पात्याचा नळी-कटर घ्या, दर फेरीला मूठ अगदी थोडी आवळा, नाहीतर टोक आत दबून तोंड अरुंद होते. कापल्यावर आतली धार रीमरने आणि बाहेरची कड बारीक कानशीने मारा. टोक पूर्ण काटकोनात आहे का ते पाहा, आणि कीस आत राहू नये म्हणून तोंड खाली धरून नळी झटका व हवेने फुंकून काढा. मग नट नळीवर चढवा. ही पायरी फ्लेअरच्या आधीची आहे, कारण नंतर नट चढत नाही.

नळी साच्यात धरताना तिचे टोक किती वर ठेवायचे ते साच्यासोबतच्या ठोकळ्याच्या खांद्याच्या उंचीवरून ठरते. तेवढेच ठेवा. उंची कमी राहिली तर दुमड अपुरी पडते आणि जास्त झाली तर ती एका बाजूला लोळते. साच्याचे दोन्ही स्क्रू घट्ट आवळले नाहीत तर दाब देताना नळी मागे सरकते, आणि घरच्या स्वस्त साधनांचा खरा दोष इथेच दिसतो. टोकाला ब्रेक ऑइलचा एक थेंब लावा, ठोकळा घालून खांदा टेकेपर्यंत दाबा, मग ठोकळा काढून शंकूने दुमड आत बसवा. तयार फ्लेअर भिंगाखाली पाहा. कडेला चीर असेल, एक बाजू जाड आणि दुसरी पातळ दिसत असेल किंवा बैठकीच्या पृष्ठभागावर साच्याचा ओरखडा असेल, तर कापून पुन्हा करा. आधी चार-सहा टाकाऊ तुकड्यांवर हात बसवा आणि नळी गरजेपेक्षा वीतभर जास्तच घ्या.

वाकवताना जुनी नळी शेजारी ठेवून तिच्याप्रमाणेच वळणे द्या. ४.७५ मिलिमीटरच्या नळीला साधारण १५ मिलिमीटरपेक्षा लहान त्रिज्येचे वळण देऊ नये, आणि वाकवण्याचे लहानसे साधन वापरावे, म्हणजे नळी चपटी होत नाही. मास्टर सिलिंडरजवळ मूळ नळीला गोल वेढे असतील तर ते ‘सरळ करून नीटनेटके’ करू नका, कारण इंजिनचा थरथराट त्या वेढ्यांतच जिरतो. नळी एक्झॉस्टपासून दूर ठेवा, प्रत्येक मूळ क्लिपमध्ये बसवा आणि कुठेही दोन धातू एकमेकांवर घासू देऊ नका. नट आवळण्याचे बळ गाडीच्या पुस्तिकेत दिलेले असते आणि या मापाच्या नटाला ते बहुधा १२ ते १८ न्यूटन-मीटरच्या आसपास असते. नव्या फ्लेअरला एकदा आवळून, थोडे सैल करून, पुन्हा आवळले की तो बैठकीत चांगला बसतो.

निळी डिकी :
धाग्याच्या विषयाला लागूनच एक शंका विचारतो. माझ्या जुन्या गाडीचे पुढचे डावे चाक ब्रेक सोडल्यावरही बराच वेळ पकडून राहते आणि रिम हात लावता येणार नाही इतकी तापते. कॅलिपर उघडून दट्ट्या साफ केला, फरक पडला नाही. सगळ्या लोखंडी नळ्या चांगल्या आहेत. आता मास्टर सिलिंडर बदलावा का?

मोजपट्टी :
मास्टर सिलिंडरला हात लावण्याआधी रबरी होज तपासा. जुन्या होजचे बाहेरचे आवरण ठणठणीत दिसते, पण आतला पदर फुगून किंवा सुटून वाट अरुंद करतो. तुमच्या पायाचा जोर मोठा असल्यामुळे द्रव चाकाकडे ढकलला जातो, परत येताना मात्र त्याला ढकलणारे फारसे काही नसते, म्हणून दाब कॅलिपरमध्ये अडकून राहतो.

तपासणी सोपी आहे. ब्रेक दाबून सोडा आणि चाक अडकले असतानाच, लोखंडी नळी होजला जिथे मिळते तो नट किंचित सैल करा. चाक मोकळे झाले तर अडथळा त्याच्या अलीकडे, मास्टर सिलिंडरच्या बाजूला आहे. चाक तसेच अडकून राहिले तर कॅलिपरवरचा ब्लीडर उघडा. आता द्रवाची पिचकारी उडून चाक सुटले तर दोष होजमध्येच आहे. ब्लीडर उघडूनही चाक सुटले नाही तर दट्ट्या किंवा सरकत्या पिना जाम आहेत. डोळ्यांना चष्मा लावून आणि खाली भांडे धरून हे करा, कारण ब्रेक ऑइल रंग खाते. सांडले तर लगेच भरपूर पाण्याने धुवा.

होज नेहमी जोडीने बदलावेत. अनेक होजवर निर्मितीचा महिना आणि वर्ष छापलेले असते, ते एकदा पाहिले म्हणजे निर्णय लवकर होतो. मूळ धाग्याच्या लेखकांनीही मागच्या ॲक्सलवरचा होज याच वेळी बदलावा, कारण त्याचा नट आता सुटलेलाच आहे.

जुनी सेडान :
होज मागवला आहे आणि नळ्या बसवून झाल्या आहेत. हवा काढण्याआधी दोन शंका आहेत. टाकीच्या झाकणावर डॉट ३ असे लिहिले आहे, तर डॉट ४ घालता येईल का? आणि कोणत्या चाकापासून सुरुवात करावी?

फिरता पाना :
डॉट ३ च्या जागी डॉट ४ चालते, कारण दोन्ही ग्लायकॉल ईथरवर आधारलेली आहेत. कोरड्या अवस्थेत डॉट ३ चा उत्कलनबिंदू किमान २०५ अंश सेल्सिअस आणि डॉट ४ चा २३० असावा लागतो. ३.७ टक्के पाणी शोषल्यावर तोच अनुक्रमे १४० आणि १५५ वर येतो. हे द्रव हवेतली आर्द्रता ओढून घेतात, म्हणून बाटली नवी, सीलबंद आणि तुमच्यासमोर उघडलेली असावी. डॉट ५ मात्र सिलिकॉनचे असते आणि ते यात मिसळायचे नाही. नाव सारखे असले तरी डॉट ५.१ पुन्हा ग्लायकॉलच्या घरातले आहे. सर्व जुने द्रव बाहेर जाईपर्यंत नवे वाहू द्या.

चाकांचा क्रम पुस्तिकेत दिला असेल तर तोच पाळा, कारण तिरप्या जोडणीच्या गाड्यांत तो वेगळा असतो. पुस्तिका नसेल तर मास्टर सिलिंडरपासून सर्वांत लांबच्या चाकापासून जवळच्याकडे यावे. पेडल सावकाश दाबायचे, तळाला टेकण्याआधी निपल बंद करायचा आणि मगच पेडल सोडायचे. पेडलखाली लाकडाचा ठोकळा ठेवा. जुन्या मास्टर सिलिंडरमध्ये दट्ट्याचा नेहमीचा प्रवास जिथे संपतो त्याच्या पुढे गंजाचे कडे असते. पेडल तळापर्यंत मारले की सील त्यावरून घासतात आणि कालपर्यंत चांगला असलेला सिलिंडर दुसऱ्या दिवशी आतून गळू लागतो.

तुमच्या मागच्या ॲक्सलजवळ तरफेने जोडलेला भारानुसार दाब बदलणारा वॉल्व्ह आहे का ते पाहा. असल्यास चाके लोंबकळत असताना त्याला गाडी रिकामी वाटते, तो मागचा प्रवाह कमी करतो आणि हवा आतच अडकते. अशा वेळी घोडे ॲक्सलखाली लावून हवा काढावी.

जुनी सेडान :
वॉल्व्ह आहे, आणि ॲक्सलखाली घोडे लावूनच हवा काढली. इंजिन सुरू ठेवून मिनिटभर पेडल जोरात दाबून धरले, मग प्रत्येक जोड कोरड्या कागदाने टिपला. सगळे कोरडे आहे. पेडल दाबून धरल्यावर खाली सरकत नाही, स्पंजसारखेही लागत नाही. तरीही ते पूर्वीपेक्षा बरेच खाली जाऊन पकडते आणि लागोपाठ दोनदा मारले की वर येते. निपलमधून एकही बुडबुडा येत नाही.

तेलकट हात :
ही लक्षणे हवेची नाहीत. हवा असती तर पेडल मऊ लागले असते, आणि मास्टर सिलिंडरचे सील गेले असते तर दाबून धरल्यावर ते हळूहळू बसत गेले असते. पहिल्या दाबाला खाली आणि दुसऱ्याला वर, म्हणजे मागचे शू, म्हणजे ड्रमला आतून दाबणारे ब्रेकचे तुकडे, ड्रमपासून फार लांब आहेत आणि पहिला दाब ते अंतर भरून काढण्यातच खर्च होतो. लहान नळ्या बदलताना तुम्ही ड्रम काढले असतील आणि ते परत सहज बसावेत म्हणून ॲडजस्टर (शू आणि ड्रममधले अंतर जुळवणारा स्क्रू) मागे घेतला असेल, तर हेच होते.

खात्री करण्यासाठी सपाट जागी, चाकांना अडण्या लावून, हँडब्रेक तीन-चार दात वर ओढा आणि पेडल दाबा. ते आता उंच लागले तर निदान पक्के. मग हँडब्रेक पूर्ण सोडा, त्याची केबल ताणलेली नाही हे पाहा, आणि ॲडजस्टर इतका फिरवा की ड्रम हाताने फिरवताना शूचा हलका स्पर्श ऐकू येईल पण ड्रम अडणार नाही. दोन्ही बाजू सारख्या ठेवा. हँडब्रेकची केबल त्यानंतर जुळवायची, आधी नाही. मग मोकळ्या जागी अगदी हळू वेगात ब्रेक मारून गाडी एका बाजूला ओढते का ते पाहा, आणि आठवडाभराने जोड पुन्हा कागदाने टिपा.

जुनी सेडान :
हँडब्रेक ओढल्यावर पेडल लगेच उंच लागले. ड्रम बसवताना ॲडजस्टर मागे घेतले होते, हेही बरोबर. डावीकडचा फिरला, उजवीकडचा जाम आहे. तो काढून, साफ करून, आट्यांना ब्रेकसाठीचे उष्णता सोसणारे ग्रीस लावून बसवतो आणि गाडी ओढते की नाही ते इथेच कळवतो.